खारेपाटातला पावसाळा, १९३०

पेणहून अलिबागला निघालेली गाडी आज तुम्हाला वडखळवरून धरमतरच्या पुलावर नेते. खाली खाडी आहे हे लक्षात येईपर्यंत पलीकडे पोचवतेही. ती गाडी सोडून द्या. पूल नाही असं धरा. डोलवीचा पोलादाचा कारखाना, वाटेवरची बांधकामं, सगळं पुसून टाका. जिल्ह्याचं नावसुद्धा बदला, रायगड नव्हे, कुलाबा. साल १९३०, महिना आषाढाचा.

पावसाने धरून ठेवलंय. रस्त्याच्या दोन्ही अंगांना खारेपाट, म्हणजे खाडीकाठची भातजमीन, पसरलाय. डोक्यावर इरली घेतलेल्या बाया वाकून लावणी करताहेत. शेतांच्या कडेने खाडीच्या बाजूला मातीचा बाहेरकाठा उभा आहे. भरतीचं खारं पाणी तो आत येऊ देत नाही. ओहोटी लागली की बांधातल्या उघाडीतून पावसाचं पाणी बाहेर सोडतात आणि त्याच्याबरोबर मातीतला खारही थोडा थोडा जातो. माणसांनी पिढ्यान्‌पिढ्या राखलेल्या या जमिनीत भाताची हिरवी पात वर येते. ती पात लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

धरमतरला तर लागलेली आहे. तरीवाला विचारतो, "किहीमला? अहो, मग बसा लवकर, ओहोटी लागली की गाळात थांबावं लागेल." पलीकडे पोयनाड, मग अलिबागची वाट, मग उत्तरेला वळून समुद्राच्या कडेने किहीम. माडांच्या वाड्या, वाळूचा किनारा, भिजलेली कौलं. वाटेत कुणाला सालिम अली म्हणून विचारलंत तर कोणी ओळखणार नाही. तुमच्या काळात ज्यांच्या नावाने टपाल तिकिटं निघाली ते हे पक्षीशास्त्रज्ञ आत्ता तेहतीस वर्षांचे आहेत आणि बेकार आहेत.

कारण साधं आहे. मुंबईच्या प्रिन्स ऑफ वेल्स संग्रहालयात निसर्गविभागाची माहिती देणारा व्याख्याता म्हणून ते नोकरीला होते. तिथून रजा घेऊन ते बर्लिनला गेले, तिथल्या प्राणिशास्त्र संग्रहालयातल्या एर्विन श्ट्रेझेमान यांच्या हाताखाली शिकले. तिथे बर्नहार्ड रेन्श, ओस्कार हाइनरोथ, अर्न्स्ट मायर अशा माणसांशी ओळख झाली. रेन्श आणि मायर ही पुढे विसाव्या शतकातल्या उत्क्रांतिशास्त्राची मोठी नावं झाली. एवढं शिकून परतावं तर पैसे नाहीत म्हणून ती जागाच रद्द झालेली. दुसरं काम मिळेना, तेव्हा पत्नी तेहमीना यांच्यासह ते किहीमला येऊन राहिले. विद्यापीठाची पदवीही त्यांच्याकडे नव्हती. मला ही गोष्ट फार महत्त्वाची वाटते. हुद्दा नाही, प्रयोगशाळा नाही, अनुदान नाही. होते ते चार महिन्यांचा पाऊस आणि घराजवळ सुगरण पक्ष्यांनी खोप्यांनी लगडून टाकलेलं झाड.

आता त्या झाडाजवळ चला, पण बेताने. शिडीवर एक कापडी आडोसा बांधलाय. आत माणूस आहे, पण पाखरांना तो नाही. तुम्हीही श्वास बेताने घ्या.

समोर नर बसलाय. डोकं आणि छाती पिवळीजर्द, गालांवर गडद तपकिरी मुखवटा, चोच काळपट. तो उडून शेतात जातो. पात्याच्या बुडाशी चोचीने चीर पाडतो, टोक चोचीत घट्ट धरतो आणि झेप घेतो. लांब सरळ पट्टी फाटून निघते, वीतभराची, कधी हाता-दीडहाताची. असा तो शेकडो वेळा जातो आणि येतो. फांदीला गाठी मारतो, पहिलं कडं करतो, त्याला उभं राहायला जागा होते. मग त्या कड्यावर बसून एका बाजूने अंड्यांची खोली विणत नेतो. आठवड्याभराने खोपा अर्धा होतो. पक्षीअभ्यासक याला हेल्मेट अवस्था म्हणतात: वरून गोल, खालून उघडा, मधे आडवा पट्टा.

आणि इथे तो थांबतो.

तुम्हाला वाटेल दमला असेल. थोडा धीर धरा. सालिम अलींनी धरला तसा. भुरक्या रंगाच्या माद्यांचा थवा येतो आणि झाडभर एकच गलका उठतो. एकूण एक नर आपापल्या अर्धवट खोप्याला लटकून पंख फडफडवतात, चिरचिराट करतात. मादी एका खोप्यात शिरते, पट्ट्यावर बसते, विणीला चोच लावून पाहते. निघून जाते. दुसऱ्यात शिरते. एखादा खोपा मनास आला तर तिथेच राहते. मगच नर उरलेलं काम हाती घेतो, खोली बंद करतो, खाली लोंबणारी बोळकांडी विणतो. ती आत अस्तर लावते, अंडी घालते, उबवते, पिल्लांना चारते. नर तोवर शेजारच्या फांदीवर दुसरा खोपा सुरू करून दुसऱ्या मादीची वाट पाहत असतो. ती आली, तिने पसंत केला, की तिसरा. ज्याचा खोपा कोणीच पसंत करत नाही, त्याचा तो तसाच वाळत राहतो.

तोवर लोक काय समजत होते? अर्धवट खोपे म्हणजे नराचे बसायचे झोपाळे. आत चिकटवलेल्या मातीच्या गोळ्यांवर सुगरण काजवे डकवते, रात्री उजेड पडावा म्हणून. जोडप्याचा संसार आपल्यासारखाच. हे समज पुस्तकांतही शिरले होते. शिडीवरच्या माणसाने कोणाचं खंडन केलं नाही. कोणता खोपा कधी सुरू झाला, कोणती मादी कोणत्या खोप्यात गेली, कधी राहिली, हे तो लिहीत गेला. बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात हा अभ्यास १९३१ साली छापून आला आणि सुगरण नर एकापाठोपाठ एक माद्यांशी घरोबा करतो, निवड मात्र मादीची असते, हे जगाला कळलं.

शिडीखाली उभे आहात तोवर हेही ऐका. मादी निवड करते आणि त्या निवडीतून नराचं रूप, गाणं, कसब पिढ्यान्‌पिढ्या घडत जातं, असं चार्ल्स डार्विनने १८७१ मध्ये लिहिलं होतं. मोराच्या पिसाऱ्यासाठी त्याने दिलेलं ते उत्तर पुष्कळांना पटलं नाही. पाखराच्या मादीला कसली आली आवडनिवड, असं म्हणून ते बाजूला पडलं. रोनाल्ड फिशरने ती कल्पना पुन्हा उभी करणारं पुस्तक काढलं ते नेमकं १९३० सालीच, इंग्लंडात. त्याच साली इकडे कुलाबा जिल्ह्यात मादी निवड करते आहे आणि एक बेकार माणूस तिची नोंद घेतो आहे. दोघांना एकमेकांच्या कामाचा पत्ता असण्याचं कारण नव्हतं. पुढे जॉन हरेल क्रुक या अभ्यासकाने भारतात सुगरणीवर काम केलं आणि आफ्रिकेतल्या आणि आशियातल्या विणकर पक्ष्यांच्या कित्येक जाती शेजारी शेजारी ठेवून पाहिल्या. १९६४ मध्ये त्याने दाखवलं की रानात किडे खाणाऱ्या जाती बहुधा एकेकट्या, जोडीजोडीने राहतात. उघड्या माळावर दाणे टिपणाऱ्या जाती थव्याने, वसाहत करून राहतात आणि त्यांच्यात एका नराच्या अनेक माद्या असतात. प्राण्यांच्या समाजाची घडण अन्नावर आणि जागेवर ठरते, हा विचार तिथून पसरला. सुगरणीचं अन्न आणि तिची जागा म्हणजे भाताचं शेत. ती पात लक्षात ठेवायला सांगितली होती ती यासाठी.

आता पाऊस उतरू द्या. भादवा सरलाय. २५ सप्टेंबरला उरणजवळ चिरनेरच्या अक्कादेवीच्या डोंगरावर गावकरी जंगलचा कायदा मोडायला कोयते घेऊन चढतात आणि पोलिसांच्या गोळ्यांना बळी पडतात. झाडाला हात लावायला सरकारची परवानगी का, हा त्यांचा सवाल. एकाच जिल्ह्यात, एकाच पावसात, एक माणूस झाडावरचं पाखरू समजून घेतोय आणि इतर माणसं त्या झाडावरच्या आपल्या हक्कासाठी मरताहेत. मला या दोन गोष्टी वेगळ्या करता येत नाहीत. निसर्गाचा अभ्यास ही फुरसतीतली चैन, असं कोणी म्हटलं की मला चिरनेर आठवतं.

अजून थोडं मागे जायचंय. पेणहून दक्षिणेला, नागोठण्यावरून रोह्याला. रेल्वे सोडा, ती अजून नाही. साल १९०५ च्या आसपासचं. कुंडलिकेला पाणी आहे, गावात धावीर महाराजांचं देऊळ आहे, आणि एका वकिलाच्या घरातला चिंतामण हा मुलगा शाळेत आहे. चिंतामण द्वारकानाथ देशमुख. जन्म जानेवारी १८९६, सालिम अलींचा नोव्हेंबर १८९६. तुम्ही यांना रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर आणि देशाचे अर्थमंत्री म्हणून ओळखता. १९१२ मध्ये ते मॅट्रिकला पहिले आले, संस्कृतची जगन्नाथ शंकरशेट शिष्यवृत्तीही त्यांनीच मिळवली. मग केंब्रिजला जाऊन शिकले ते अर्थशास्त्र नव्हे, निसर्गविज्ञान: वनस्पतिशास्त्र, रसायन, भूगर्भ.

त्यांच्या मागोमाग केंब्रिजच्या वनस्पतिशास्त्र विभागात डोकावा. पहिलं महायुद्ध चालू आहे, वर्गांत तरुण मुलं थोडी. विभागाचे प्रमुख अल्बर्ट सुअर्ड, जीवाश्म वनस्पतींचे जाणकार. डार्विनच्या पत्रांच्या आणि डार्विनच्या शताब्दीला निघालेल्या ग्रंथाच्या संपादनात यांचा हात. बिरबल साहनी याच सुअर्डांचे विद्यार्थी. डार्विनचा मुलगा फ्रान्सिस, वनस्पतींच्या हालचालींचा अभ्यासक, हाही याच विद्यापीठातला. विद्यापीठात आनुवंशशास्त्राचं अध्यासन नुकतंच, १९१२ मध्ये, सुरू झालंय. अशा हवेत रोह्याच्या मुलाने १९१७ मध्ये वनस्पतिशास्त्राचं फ्रँक स्मार्ट पारितोषिक मिळवलं. पुढच्याच वर्षी सनदी परीक्षेतही तो पहिला आला, आणि वनस्पतिशास्त्र मागे पडलं. १९३० च्या त्या पावसाळ्यात तो मध्य प्रांतात सरकारी कामात होता.

देशाने त्यांच्याकडून जे घेतलं ते मोठंच आहे. बागकामाची आवड त्यांनी आयुष्यभर जपली, कालिदासाचं मेघदूत मराठीत आणलं. तरी रोह्याला गेलं की मला वाटतं, पदवी असलेल्याला नोकरी मिळाली आणि पदवी नसलेल्याची गेली, म्हणून एक शास्त्र देशाला मिळालं आणि एक निसटलं. त्या काळी हुशार मुलाला घरचे सनदी नोकरीकडे ढकलत. आज कुठे ढकलतात ते तुम्हाला माहीत आहे.

परत या आपल्या काळात. रोहा आणि मुरूड तालुक्यांतलं फणसाड, एके काळी जंजिऱ्याच्या नवाबाचं शिकारीचं रान, १९८६ पासून अभयारण्य आहे. तिथे शेकरू आहे, तिथले पाणवठे लोक ‘गाण’ म्हणून ओळखतात. तिथे जरूर जा. पण सुगरण अभयारण्यात राहत नाही. तिला पिकतं शेत लागतं, पाण्यावर झुकलेलं झाड लागतं. पेण तालुक्यातल्या बावीस गावांनी २१ सप्टेंबर २००८ रोजी विशेष आर्थिक क्षेत्रासाठी जमीन द्यायची की नाही यावर मत दिलं, तेव्हा तो कौल माणसांच्या भाकरीचा होता. पण शेत शेत राहिलं की पाखरालाही पात मिळते. बाहेरकाठा फुटून खारं पाणी शिरलं, किंवा भराव पडला, की दोघांचंही संपतं.

म्हणून शाळामास्तरांना, कॉलेजातल्या मुलांना, शेतकऱ्यांच्या लेकींना माझी एक विनंती आहे. या जूनमध्ये पेण ते रोहा या पट्ट्यात आपल्या घराजवळचं एक सुगरणीचं झाड निवडा. वहीत तारीख घाला. किती खोपे सुरू झाले, किती हेल्मेट अवस्थेत थांबले, किती पसंत पडले, किती वाळले, कोणत्या शेतातून पात आली, हे दर आठवड्याला लिहा, आणि पुढच्या वर्षी त्याच झाडाखाली पुन्हा जा. या कामाला पदवी लागत नाही.