सभा नदीपलीकडे: निझामाचं हैदराबाद, चार भाषा आणि आजचा युरोप



मागच्या लेखानंतर दोघा-तिघांनी एकच प्रश्न विचारला: "दादा, तुमची एम.एस्सी. झालेली, मग पीएच.डी.ला हा सभा-परिषदांचा इतिहास कुठून आणला?" आज त्याचंच उत्तर देतो. पेटची किंवा नेटची तयारी करणाऱ्यांना संशोधन-प्रश्न कसा तयार होतो (आणि कसा फसतो) हेही त्यातून कळेल.

सुरुवात युरोपपासून झाली. युरोपियन युनियनच्या अधिकृत भाषा २४ आहेत. १९७९ पासून तिथले नागरिक युरोपियन संसद थेट निवडतात. २०१२ पासून किमान सात देशांतल्या दहा लाख नागरिकांनी सह्या केल्या, तर युरोपियन आयोगाला त्या मागणीवर उत्तर द्यावं लागतं. म्हणजे सहभागाची सोय आहे. पण लोक एकमेकांशी बोलतात का? १९९५ मध्ये यावर दोन जर्मन विचारवंतांचा वाद झाला. कायदेपंडित डीटर ग्रिम यांचं म्हणणं असं की समान भाषा नाही, समान वृत्तपत्रं नाहीत, म्हणून समान चर्चा नाही. आणि चर्चा नसेल तर लोकशाही वरवरचीच राहणार. युर्गन हाबरमास यांनी उत्तर दिलं की समान चर्चा आधी तयार असावी लागत नाही, एकत्र राजकारण करता करताच ती घडते.

हे वाचताना मला वाटलं, हा प्रयोग तर आपल्या घराजवळ होऊन गेलाय! मी हर्सूलला राहतो. १९४८ पर्यंत हे गाव निझामाच्या हैदराबाद संस्थानात होतं. १९४१ च्या जनगणनेत संस्थानची लोकसंख्या सुमारे १ कोटी ६३ लाख. त्यातले जवळपास निम्मे तेलुगू बोलणारे, साधारण पाव हिस्सा मराठी, उरलेल्यांत मुख्यतः कन्नड आणि उर्दू. सरकारी कारभार आणि १९१८ साली स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठाचं शिक्षण, दोन्ही उर्दूत.

विज्ञानाच्या सवयीने मी लगेच गृहीतक मांडलं: "समान भाषा नसल्यामुळे संस्थानात समान सार्वजनिक चर्चा उभी राहिली नाही." दिसायला नीटनेटकं वाक्य. पुराव्यांनी त्याचे तुकडे केले.

पहिला पुरावा तर माझ्या बाजूचाच वाटत होता. १२ नोव्हेंबर १९२१ ला हैदराबादेत, विवेकवर्धिनीच्या नाट्यगृहात, सामाजिक सुधारणा परिषद भरली होती. अध्यक्ष महर्षी धोंडो केशव कर्वे. इंग्रजी, उर्दू, मराठी भाषणं लोकांनी शांतपणे ऐकली. मग आलमपल्ली वेंकटरामराव नावाचे वकील ठराव मांडायला उठले आणि तेलुगूत बोलू लागले. सभेत हुर्यो उडाली. आरडाओरडा करणाऱ्यांत आपली मराठी माणसंही होती. बहुसंख्य प्रजेची भाषा, तिच्याच राजधानीत, तीही सुधारकांच्या सभेत ऐकून घेतली गेली नाही. त्याच रात्री मोजक्या तेलुगू मंडळींनी एकत्र येऊन आंध्र जनसंघ काढला. त्यातूनच पुढे १९३० साली जोगीपेठला पहिली आंध्र महासभा भरली. आपली महाराष्ट्र परिषद परतूरला भरली १९३७ साली. कन्नड भाषकांचीही वेगळी परिषद झाली.

मी खूश. वेगळ्या भाषा, वेगळ्या सभा, गृहीतक सिद्ध! मार्गदर्शकांनी टिपण वाचून एवढंच विचारलं, "सभा भरल्या कुठे, ते पाहिलंस का?"

पाहिलं नव्हतं. मग यादी केली. संस्थानात जाहीर सभेला आगाऊ परवानगी लागायची. त्याचा हुकूम 'गश्ती निशाण ५३' या नावाने कुप्रसिद्ध आहे. त्यामुळे हैदराबादच्या प्रजेची राजकीय परिषद भरली ती काकीनाडा (१९२३), मुंबई (१९२६), पुणे (१९२८) आणि अकोला (१९३१) इथे. चारही ठिकाणं संस्थानाबाहेरची! स्वतःच्या राज्याबद्दल बोलायला लोकांना दुसऱ्याच्या हद्दीत जावं लागत होतं.

आणखी जवळचं उदाहरण कन्नड तालुक्यातलं. ३० डिसेंबर १९३८ ला मक्रणपूरला भाऊसाहेब मोरे यांच्या पुढाकाराने मराठवाड्यातल्या अस्पृश्यांची परिषद भरली आणि डॉ. बाबासाहेब आंबेडकर तिथे बोलले. निझामाच्या हद्दीत त्यांना भाषणाला मनाई होती. शिवना नदी ही तिथली सरहद्द, आणि मक्रणपूर ब्रिटिश हद्दीत. म्हणून जागा ती निवडली. माणसं नदी ओलांडून सभेला गेली.

वृत्तपत्रांचंही तसंच. आ. कृ. वाघमारे यांनी १९३८ साली 'मराठवाडा' साप्ताहिक काढलं. संस्थानाने बंदी घातली की ते नव्या नावाने निघायचं. त्याच वर्षी औरंगाबादच्या कॉलेजातून वंदे मातरम् चळवळ सुरू झाली आणि उस्मानियापर्यंत गेली. नावं काढून टाकलेल्या विद्यार्थ्यांना नागपूर विद्यापीठाने आसरा दिला. त्या चळवळीमुळे शिक्षणासाठी बाहेर पडावं लागलेल्या तेलुगू मुलांत पी. व्ही. नरसिंह राव होते. त्यांनीच पुढे ह. ना. आपट्यांच्या 'पण लक्षात कोण घेतो' कादंबरीचा तेलुगू अनुवाद केला. स्वामी रामानंद तीर्थांचा जन्म विजापूर भागातल्या सिंदगीचा, शिक्षकी केली हिप्परगा आणि अंबाजोगाईला, आणि नेतृत्व केलं तिन्ही भाषांच्या लोकांचं. १९३८ साली स्टेट काँग्रेसवर बंदी आली आणि २४ ऑक्टोबरला सत्याग्रह सुरू झाला. त्यामागे बळ होतं ते या वेगवेगळ्या भाषांच्या परिषदांत तयार झालेल्या कार्यकर्त्यांचं.

म्हणजे माझं गृहीतक उलटं निघालं. भाषावार परिषदांनी चर्चा तोडली नाही. ज्या माणसाला १९२१ च्या सभेत तोंड उघडू दिलं नव्हतं, त्याला बोलायची सवय आणि हिंमत आपल्या भाषेतल्या सभेत मिळाली. आधी प्रत्येकाचं घर झालं, मग सगळ्यांचं अंगण. हे अंगण एका भाषेने बांधलं नाही. सारखं गाऱ्हाणं, दोन-तीन भाषा जाणणारी माणसं आणि सरहद्दीपलीकडे मिळालेली जागा, या तीन गोष्टींनी ते बांधलं. दरबारी भाषा सगळीकडे एकच असूनही तिच्यातून ते झालं नव्हतं. ग्रिम यांची काळजी खोटी नाही, पण हैदराबादचा पुरावा हाबरमास यांच्याकडे जास्त झुकतो.

आता सावधगिरी. पहिली: संस्थान ही लोकशाही नव्हती आणि युरोपसारखा देशांचा संघही नव्हता. प्रयोगशाळेत आपण एक घटक बदलतो, बाकी स्थिर ठेवतो. इतिहासात ती सोय नाही. त्यामुळे "हैदराबाद म्हणजे छोटा युरोप" असं लिहायचं नाही. सारखं काय आणि वेगळं काय, ते दोन रकान्यांत मांडायचं. दुसरी: एकत्र लढणं म्हणजे एकत्र राहणं नव्हे. सप्टेंबर १९४८ मध्ये संस्थान भारतात आलं, १९५२ साली सगळ्या भाषांच्या मतदारांनी मिळून एक विधानसभा निवडली, आणि १ नोव्हेंबर १९५६ ला भाषेच्याच आधारावर राज्याची तीन ठिकाणी वाटणी झाली. मराठवाडा तेव्हाच्या मुंबई राज्यात आला.

तिसरी सावधगिरी मला सर्वांत महत्त्वाची वाटते. मी 'समान चर्चा' म्हणतो तेव्हा त्यात कोण होतं? १९३८ साली, थोड्याच आठवड्यांच्या अंतराने, सत्याग्रह सुरू झाला आणि मक्रणपूरही झालं. दोन्हीकडचे लोक एकाच राज्याची प्रजा होते, दोघांवर तीच बंदी होती, तरी सभा दोन भरल्या. इथे अडसर भाषेचा नव्हता, दोन्हीकडे मराठीच होती. अडसर जातीचा होता. ग्रिम आणि हाबरमास यांचा वाद वाचून हा मुद्दा मला सुचला नसता. तो नदीकाठाने सुचवला. माझ्या प्रबंधाचा आजचा प्रश्न त्यामुळे असा आहे: भाषेची भिंत ओलांडणारी चर्चा कोणत्या भिंतींपाशी थांबली?

यासाठी मला स्वतःलाही एक भिंत ओलांडावी लागतेय. संस्थानचे कागद बरेचसे उर्दूत, तारखा फसली सनातल्या (ढोबळमानाने ५९० मिळवले की इसवी सन येतो). गेलं वर्षभर हर्सूलमधल्या एका निवृत्त शिक्षकांकडे संध्याकाळी उर्दू शिकायला जातो. पहिल्या दिवशी ते हसून म्हणाले, "बेटा, तुझे आजोबा हे वाचत असतील." खरंच, आजोबांची शाळा उर्दूतच झाली होती. दोन पिढ्यांत घरातून एक लिपी निघून गेली आणि कुणाला कळलंही नाही.

तुम्ही विषय निवडत असाल, तर या सगळ्यातून तीन प्रश्न वहीत लिहून ठेवा. सभा कुठे भरली? बोलायला कोण उठलं आणि कुणाला खाली बसवलं? जे आलेच नाहीत, ते त्या दिवशी कुठे होते? गृहीतक मोडलं तर घाबरू नका. माझं मोडलं, त्यानंतरच माझ्या हाती प्रश्न आला.