विणकराचा वारसा

गेले काही दिवस रात्री झोपण्याआधी उत्तर आयर्लंडचा इतिहास वाचतोय. का, ते विचारू नका! एकातून दुसरं असं करत जेम्स ऑर नावाच्या एका विणकरापाशी पोचलो आणि तिथेच अडकलो.

आधी थोडी पार्श्वभूमी. स्कॉटलंड आणि आयर्लंडचा ईशान्य कोपरा यांच्यातला समुद्र सगळ्यात अरुंद जागी जेमतेम २० किलोमीटर. ये-जा जुनीच. पण १६०६ पासून अँट्रिम आणि डाऊन भागात, आणि १६१० पासून सरकारी योजनेतून उरलेल्या अल्स्टरच्या बहुतेक भागात, स्कॉटिश कुटुंबं मोठ्या संख्येने येऊन वसली. जमीन अर्थातच रिकामी नव्हती. ती आयरिश लोकांकडून काढून घेतलेली होती, आणि ती जखम अजून पुरती भरलेली नाही. हे नवे लोक बहुतेक प्रेस्बिटेरियन. म्हणजे कॅथलिक आयरिशांना परके, आणि सरकारी चर्चलाही नकोसे! १७०४ च्या कायद्याने त्यांना सरकारी पदं बंद केली. वाढते खंड, वाईट हंगाम हेही होतंच. १७१८ पासून त्यांची जहाजं अमेरिकेकडे निघू लागली.

जे मागे राहिले त्यांनी आपली स्कॉट्स बोली सांभाळली. ऑर त्यांच्यातलाच. जन्म १७७० चा, गाव बॅलीकॅरी. मागावर कापड विणायचं आणि त्याच बोलीत कविता करायच्या. १७९८ मध्ये 'युनायटेड आयरिशमेन'च्या उठावात हा गडी राजसत्तेविरुद्ध उभा राहिला. उठाव फसला. तो अमेरिकेला पळाला, लवकरच परतला, पुन्हा मागावर बसला. त्या उठावावरच्या कवितेत त्याने, लढाईआधीच काढता पाय घेणाऱ्या आपल्याच लोकांची थट्टा केली आहे!

आणि आज? अल्स्टर-स्कॉट्स म्हटलं की तिथे बरेच जण 'ब्रिटनशी जोडून राहू पाहणाऱ्यांची गोष्ट' असंच समजतात. १९९८ च्या शांतता कराराने आयरिशबरोबर तिलाही मान दिला, १९९९ मध्ये तिच्यासाठी सरकारी मंडळ आलं. तेव्हापासून एकाला काय मिळालं आणि दुसऱ्याला काय, याचा हिशेब चालूच आहे. ही भाषा की नुसती बोली, हा वादही त्यातलाच. (तो आपल्याला नवा नाही. कोकणीचं आठवा.)

बेलफास्टमध्ये 'अल्स्टर-स्कॉट्स कम्युनिटी नेटवर्क' नावाची धर्मादाय संस्था आहे. इतिहासाच्या छोट्या पुस्तिका काढायच्या, गावोगावच्या मंडळांना हात द्यायचा, असं तिचं काम. मला वाटतं, अशा कामाची खरी कसोटी ऑरसारख्या माणसापाशी लागते. त्याची बोली घ्यायची आणि बंड वगळायचं, किंवा बंड घ्यायचं आणि बोली विसरायची, हे सोपं आहे. अख्खा माणूस घेणं अवघड.

जाता जाता एक. तिथे 'थोल' असा शब्द आहे, म्हणजे निमूट सोसणं. कवी शेमस हीनी कॅथलिक घरातले. जुन्या इंग्रजीत तो शब्द दिसला तेव्हा त्यांना आठवली ती तो शब्द वापरणारी आपली आत्या-मावशीच्या वयाची घरातली बाई! १९९९ च्या आपल्या 'बेओवुल्फ'च्या प्रस्तावनेत त्यांनी हे सांगितलंय.

शब्दांना कुंपणं कळत नाहीत. ती आपण घालतो.

असो. झोप आली.