मोहाची भट्टी आणि सरकारी मोहोर

युरोपात जेवण आटोपल्यावर कॉफीच्या संगतीने गोड, सुवासिक मद्याचा लहानसा प्याला घेण्याची रीत जुनी आहे. पुढे या दोहोंचा मिलाफही झाला. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात आयर्लंडमधील फॉइन्सच्या विमानतळावर जो शेरिडन नावाच्या आचाऱ्याने थंडीने काकडलेल्या उतारूंसाठी गरम कॉफीत व्हिस्की आणि साखर घालून वर सायीचा थर सोडला, आणि ते पेय जगभर गेले. फ्रान्समधील कार्थुसियन साधूंना १६०५ साली एका अर्काच्या कृतीचे हस्तलिखित मिळाले. त्यातून सिद्ध झालेली 'शार्त्रूझ' आजही त्या मठाच्या देखरेखीखाली तयार होते. तेथे घरचा आणि मठाचा अर्क प्रतिष्ठा पावला. बालाघाटच्या रानातील अर्काचे दैव मात्र निराळे ठरले.

भंडारा, मंडला आणि शिवनी यांचे भाग जोडून १८६७ साली बालाघाट जिल्हा निर्माण झाला. खाली वैनगंगेचे भातखोरे आणि वर बैहरचे पठार, अशी त्याची रचना. पठारावर गोंड व बैगा यांची जुनी वस्ती असून मोहाचे झाड त्यांच्या संसारातील जणू एक घटकच आहे. चैत्राच्या सुमारास त्याची मांसल, पिवळट फुले पहाटे टपटप गळू लागतात आणि बायकामुले टोपल्या घेऊन झाडाखाली जातात. उन्हात वाळवल्यावर ती मनुकांसारखी तपकिरी होतात. त्यांत निम्म्याहून अधिक साखर असते. म्हणूनच दुष्काळात गरिबांनी ही फुले शिजवून दिवस काढले.

हीच वाळलेली फुले पाण्यात भिजत घालून काही दिवस आंबवतात, मग मडके चुलीवर चढवतात. वरच्या भांड्यातील थंड पाण्याने वाफ निवते आणि थेंबाथेंबाने अर्क उतरतो. तो आधी देवाला व पितरांना वाहायचा, चार थेंब भुईवर सांडायचे आणि मगच ओठी लावायचा. जन्म, लग्न, मृत्यू यांपैकी कोणताही प्रसंग त्यावाचून पुरा होत नाही.

इंग्रजी अमलात या मडक्यावर अबकारी खात्याची नजर पडली. मुंबई इलाख्यात तर १८९२ साली खास 'मोहरा' कायदा करून ठाणे व कुलाबा भागांत फुलांच्या साठ्यावरच निर्बंध घातले गेले. मध्य प्रांतात गावोगावच्या भट्ट्यांचे मक्ते लिलावाने दिले जात. पुढे सरकारी देखरेखीखालील मोठ्या कारखान्यांची पद्धत आली, आणि १९१५ च्या अबकारी कायद्याने परवान्यावाचून दारू गाळणे हा गुन्हा ठरवला. ज्याच्या अंगणात मोहाचे झाड त्यानेच मक्तेदाराकडून दारू विकत घ्यावी, असा तो न्याय होता. सरकारचा महसूल वाढला. गोंडाच्या देवघरातील नैवेद्य मात्र चोरीचा माल झाला.

स्वातंत्र्यानंतर दृष्टी हळूहळू बदलली. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत भंडारा मुंबई राज्यात गेला आणि बालाघाट मध्य प्रदेशात राहिला. वैनगंगा एकच राहिली, कायदे दोन झाले. मध्य प्रदेशात अनुसूचित जमातींना घरच्या वापरापुरती दारू गाळण्याची मर्यादित सवलत मिळाली. १९९६ च्या पेसा कायद्याने अनुसूचित क्षेत्रांतील ग्रामसभेला मद्याचे नियमन करण्याचा, प्रसंगी बंदी घालण्याचाही अधिकार दिला. महाराष्ट्राने २०२१ साली आदिवासींसाठी मोहफुलांच्या संकलनावरील व साठवणुकीवरील निर्बंध उठवले. त्याच वर्षी मध्य प्रदेश सरकारने मोहाच्या दारूला 'वारसा मद्य' म्हणून मान्यता देण्याचे जाहीर केले. आता ती सुबक बाटलीतून शहरातल्या मेजावर येऊ लागली आहे.

व्यसनाने घरे बुडतात हे नाकारण्यात अर्थ नाही, आणि त्याची झळ पहिल्याने घरातील स्त्रीला लागते. म्हणूनच दारू कोणी गाळावी, किती गाळावी आणि केव्हा थांबवावी, याचा निर्णय गावाच्या सभेत होणे अगत्याचे आहे. बाटलीवर वारशाची मोहोर उमटली, ही गोष्ट चांगलीच. पण पहाटेच्या दवात फुले वेचणाऱ्या हातांना तिच्या किमतीतील रास्त वाटा मिळाला, तरच जुन्या अन्यायाची काही भरपाई झाली असे म्हणता येईल. नाहीतर मक्तेदाराचे नाव तेवढे बदलेल; झाड आणि टोपली जिथल्या तिथेच राहतील.