पेटंट उठले म्हणून औषध मिळते का?

पेनिसिलिनवर आज जगात कोणाचेही पेटंट नाही. ते कसे करायचे हे भारताला सत्तर वर्षांपासून ठाऊक आहे. जागतिक आरोग्य संघटना आणि युनिसेफ यांच्या साह्याने १९५४ साली पिंपरीला हिंदुस्तान अँटिबायोटिक्स हा सरकारी कारखाना उभा राहिला, तो पेनिसिलिनसाठीच. तरीही पुढे चिनी मालाच्या भावापुढे देशातले पेनिसिलिन-जीचे उत्पादन बंद पडले आणि ते पुन्हा सुरू व्हावे म्हणून केंद्र सरकारला २०२० साली प्रोत्साहन योजना आणावी लागली. कायदा आड आला नव्हता, ज्ञानही कमी पडले नव्हते. तोट्यात माल कोण काढणार, एवढाच प्रश्न होता.

बौद्धिक संपदा आणि औषधे यांची चर्चा आपल्याकडे पेटंटपाशी सुरू होते आणि बहुधा तिथेच संपते. औषध रोग्यापर्यंत पोचायला मात्र तीन गोष्टी जुळाव्या लागतात : बनवण्याची मोकळीक, बनवण्याचे कसब आणि माल खात्रीने उचलणारा खरेदीदार. पेटंट कायद्याचा थेट संबंध यांपैकी पहिलीशी. नेमके काय अडले आहे हे न ओळखता सुचवलेला उपाय वाया जातो. रासायनिक गोळ्यांच्या बाबतीत मोकळीक मिळाली की बाकीचे पुष्कळसे जमून येते. लशी आणि जैविक औषधांच्या बाबतीत येत नाही. गोळ्यांमध्ये मिळालेल्या यशावरून लशींचे धोरण ठरवणे ही गेल्या काही वर्षांतली मोठी गफलत आहे, असे माझे मत आहे.

आधी मोकळीक. न्या. राजगोपाल अय्यंगार यांनी १९५९ च्या अहवालात दाखवून दिले की भारतातली ८० ते ९० टक्के पेटंटे परदेशीयांच्या हाती आहेत आणि त्यांतल्या ९० टक्क्यांहून अधिक पेटंटांचा इथे वापरच होत नाही. म्हणजे पेटंट घ्यायचे ते इथे कारखाना काढण्यासाठी नव्हे, दुसऱ्या कोणी काढू नये यासाठी. त्या अहवालावर १९७० चा कायदा बेतला गेला. औषधांच्या बाबतीत पदार्थावरचे पेटंट रद्द झाले. फक्त बनवण्याच्या प्रक्रियेवरचे राहिले, तेही जास्तीत जास्त सात वर्षांसाठी. दुसऱ्या वाटेने तोच रेणू तयार करणाऱ्याला रान मोकळे झाले.

वाट शोधणारे रसायनशास्त्रज्ञ देशात होते म्हणून या मोकळिकीचा उपयोग झाला, ही बाजू सांगायची राहून जाते. पुण्याच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेत घडलेले ए. व्ही. रामाराव पुढे हैदराबादच्या सरकारी प्रयोगशाळेत गेले आणि तिथे एड्सवरच्या झिडोव्युडिनची स्वस्त प्रक्रिया सिप्लासाठी तयार झाली. फेब्रुवारी २००१ मध्ये सिप्लाचे युसुफ हमीद यांनी तीन औषधांचा वर्षभराचा उपचार ३५० डॉलरला देऊ केला, तेव्हा पाश्चात्त्य कंपन्यांचा भाव १० ते १५ हजार डॉलर होता. त्या उपचाराची तिन्ही औषधे तीन वेगवेगळ्या कंपन्यांची होती. जिथे पदार्थावर पेटंट होते तिथे ती एका गोळीत आणायची तर तिघांची संमती हवी. भारतात ती लागत नव्हती, म्हणून एकत्र गोळी इथे निघाली. आफ्रिकेतल्या खेड्यात दिवसाला मूठभर गोळ्यांऐवजी दोन गोळ्या घेणे म्हणजे काय, हे रोगी सांभाळणाऱ्या डॉक्टरांना विचारावे.

१९९५ पासून जागतिक व्यापार संघटनेच्या ट्रिप्स कराराने हे दार लोटले. सर्व क्षेत्रांत वीस वर्षांची पेटंटे देणे बंधनकारक झाले आणि भारताने २००५ साली पदार्थांवरची पेटंटे पुन्हा आणली. मात्र तीच दुरुस्ती करताना संसदेने कलम ३(ड) घातले : जुन्या रेणूच्या नव्या रूपाने गुणकारिता लक्षणीय वाढत नसेल तर पेटंट नाही. १ एप्रिल २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या न्या. आफताब आलम आणि न्या. रंजना देसाई यांच्या खंडपीठाने रक्ताच्या कर्करोगावरच्या ग्लिव्हेकबाबत नोव्हार्टिसचा दावा याच कलमाखाली फेटाळला. त्याआधी वर्षभर, मार्च २०१२ मध्ये, पेटंट नियंत्रकांनी मुंबईत बायरच्या सोराफेनिब या कर्करोगावरच्या औषधासाठी नॅटको कंपनीला सक्तीचा परवाना, म्हणजे पेटंटधारकाच्या संमतीविना बनवण्याची परवानगी, दिली. महिन्याचा खर्च २ लाख ८० हजारांवरून ८,८८० रुपयांवर आला. क्षयावरच्या बेडाक्विलिनच्या क्षार-रूपावरचा जॉन्सन अँड जॉन्सनचा अर्जही मुंबईच्याच कार्यालयाने मार्च २०२३ मध्ये नाकारला, आणि त्याला आव्हान देणाऱ्या दोघी स्वतः क्षयातून वाचलेल्या होत्या, एक मुंबईची, एक दक्षिण आफ्रिकेची. त्याच वर्षी कंपनीने बहुतेक गरीब देशांत जेनेरिक पुरवठ्याला वाट दिली आणि जागतिक औषध सुविधेमार्फत सहा महिन्यांच्या उपचाराची किंमत १३० डॉलरपर्यंत उतरली.

गोळ्यांच्या बाबतीत कायद्याची सवलत इतकी का फळते, याचे कारण रसायनशास्त्रात आहे. रेणूची रचना पेटंटच्या कागदातच छापलेली असते. कुशल रसायनशास्त्रज्ञ ती उलट दिशेने उलगडतो आणि शेवटी काही डझन निरोगी माणसांवर घेतलेली तुल्यता चाचणी पुरते. मूळ कंपनीने एक शब्द सांगितला नाही तरी चालते.

लशीचे तसे नाही. लशीत प्रक्रिया हीच वस्तू असते. कोणती पेशी, कोणत्या माध्यमात, किती तापमानाला वाढवली, कुठल्या टप्प्यावर कशी गाळली, यातले थोडे इकडचे तिकडे झाले तर तयार होते ती दुसरीच लस आणि तिच्या माणसांवरच्या चाचण्या नव्याने कराव्या लागतात. हा तपशील पेटंटमध्ये नसतो. तो कंपनीच्या नोंदवह्यांत आणि कामगारांच्या हातात असतो. ट्रिप्सचे कलम ३९ त्याला गुपित म्हणून संरक्षण देते. कलम ६६.२ म्हणते की श्रीमंत देशांनी अतिअविकसित देशांकडे तंत्रज्ञान जावे म्हणून आपल्या उद्योगांना उत्तेजन द्यावे. पहिल्या कलमावर न्यायालयात दाद मागता येते, दुसऱ्यावर वार्षिक अहवाल सादर होतात. करारातला असमतोल यापेक्षा स्पष्ट कुठेच दिसत नाही.

कोविडने याची परीक्षा घेतली. ऑक्टोबर २०२० मध्ये भारत आणि दक्षिण आफ्रिकेने ट्रिप्सच्या बंधनांतून तात्पुरती सूट मागितली. त्याच महिन्यात मॉडर्नाने जाहीर केले की साथ असेपर्यंत आपली कोविड-पेटंटे आपण बजावणार नाही. म्हणजे एका कंपनीपुरती सूट फुकट मिळाली होती. तरी केप टाऊनच्या अफ्रिजेन कंपनीला प्रसिद्ध माहितीवरून मॉडर्नासारखी लस प्रयोगशाळेपुरती बनवायला फेब्रुवारी २०२२ उजाडले, कारण मॉडर्नाने शिकवायला कोणाला पाठवले नाही. आपल्या परळच्या हाफकिनचेही पाहा. कोव्हॅक्सिन करण्याची परवानगी त्यांना एप्रिल २०२१ मध्ये मिळाली. पेटंटचा तंटा नव्हता, केंद्र आणि राज्य दोघेही पैसे द्यायला तयार होते. पण जिवंत विषाणू हाताळणारी उच्च सुरक्षिततेची इमारत आधी हवी होती आणि तयारीलाच आठ महिने लागणार होते. जून २०२२ मध्ये जिनिव्हात अखेर जे पदरात पडले ते लशींच्या पेटंटांपुरते होते. मागणी चुकीची होती असे मी म्हणणार नाही. ती अपुरी होती आणि उशिरा मिळालेले तर त्याहून अपुरे.

कसब सोपवले गेले तर काय घडते, याचा सर्वांत चांगला दाखला पुण्यातला आहे. सेनेगलपासून इथिओपियापर्यंतच्या पट्ट्यात 'अ' गटाच्या मेंदूज्वराच्या साथी येत. १९९६-९७ च्या साथीत अडीच लाखांना लागण झाली आणि २५ हजार माणसे गेली. या रोगावरची चांगली लस शास्त्रीयदृष्ट्या अवघड नव्हती. ती निघाली नाही, कारण तो पट्टा गरीब होता. पेटंटच्या आमिषाने संशोधन होते हे खरे, पण आमिष खिसा पाहूनच टाकले जाते. गेट्स फाउंडेशनच्या पैशांतून पाथ ही स्वयंसेवी संस्था आणि जागतिक आरोग्य संघटना यांनी २००१ साली प्रकल्प हाती घेतला. आफ्रिकी अधिकाऱ्यांची अट एकच होती : डोस ५० सेंटच्या आत. मोठ्या कंपन्यांशी जमले नाही. मग कामाचीच विभागणी केली गेली. लशीचा शर्करा-घटक ॲम्स्टरडॅमहून आला, त्याला जोडायचे धनुर्वाताचे प्रथिन पुण्याच्या सीरम इन्स्टिट्यूटकडे होतेच, आणि दोन्ही जोडण्याची पद्धत अमेरिकेच्या औषध प्रशासनाच्या सरकारी प्रयोगशाळेतल्या शास्त्रज्ञांनी काढली. पद्धतीचा नुसता परवाना दिला गेला नाही. सीरमच्या माणसांना त्या प्रयोगशाळेत नेऊन ती शिकवली गेली. बदल्यात सीरमने किंमत बांधून घेतली आणि खरेदीदार आधीच ठरलेले होते. डिसेंबर २०१० मध्ये बुर्किना फासोत मेनआफ्रिव्हॅक या लशीची मोहीम सुरू झाली, ४० सेंटच्या आसपास डोसने. जिथे ती पोचली तिथून 'अ' गटाचा मेंदूज्वर जवळजवळ नाहीसा झाला. मोकळीक, कसब आणि गिऱ्हाईक हे तिन्ही एकाच कराराने बांधले गेले होते, हेच या यशाचे शास्त्र आहे.

कराराचीही मर्यादा असते, आणि तीही पुण्यानेच दाखवली. ॲस्ट्राझेनेकाने २०२० मध्ये सीरमला परवाना आणि तंत्र दोन्ही दिले. पण मार्च २०२१ मध्ये देशात दुसरी लाट उसळली, निर्यात थांबली आणि आफ्रिकेची लस महिनोन्महिने अडकली. शंभर देशांची भिस्त एका गावावर असेल तर त्या गावच्या संकटात शंभर देश सापडतात. ऐच्छिक परवान्यांचा नकाशाही कंपनीच आखते. एचआयव्हीला प्रतिबंध करणाऱ्या लेनाकापाव्हिरसाठी गिलियडने २०२४ मध्ये सहा उत्पादकांना १२० देशांपुरते परवाने दिले. त्या यादीत ब्राझील, अर्जेंटिना, मेक्सिको आणि पेरू नाहीत. औषधाच्या चाचण्यांत मात्र या चारही देशांतले स्वयंसेवक होते.

म्हणून कायद्यातली सक्तीच्या परवान्याची तरतूद जिवंत ठेवणे आवश्यक ठरते. ती क्वचितच वापरली जाते, पण तिच्या धाकाने ऐच्छिक करार सुधारतात. भारतात नॅटकोनंतर डसॅटिनिब आणि सॅक्साग्लिप्टिन या औषधांसाठीचे असे अर्ज फेटाळले गेले. नॅटकोचा दावा टिकला तो बायरने स्वतः फॉर्म २७ मध्ये भरलेल्या खपाच्या आकड्यांच्या आधाराने. पेटंटचा देशात वापर किती झाला हे सांगणारा तो फॉर्म दरवर्षी भरावा लागे. मार्च २०२४ च्या नियमांनी तो तीन वर्षांतून एकदा भरण्याची मुभा दिली. पेटंटधारकांची कारकुनी त्याने थोडी वाचली असेल. रोग्यांच्या बाजूने उभे राहणाऱ्याचा पुरावा मात्र तीन वर्षांनी लांबला. हा बदल मागे घ्यायला हवा.