कडकनाथ कोंबडी आतूनही काळी का असते? आणि तिची अंडी?

काळ्याकुट्ट अंड्यांचे फोटो 'कडकनाथची अंडी' म्हणून तुमच्याही फीडमध्ये आले असतील. ते खरे नाहीत. कडकनाथची अंडी फिकट तपकिरी असतात.

कडकनाथ ही मध्य प्रदेशातल्या झाबुआ भागातली देशी जात. भिल्ल आणि भिलाला आदिवासींनी ती पिढ्यानपिढ्या सांभाळली. तिकडे तिला 'कालामासी' म्हणतात. २०१८ मध्ये झाबुआच्या कडकनाथला जीआय टॅग मिळाला. छत्तीसगडच्या दंतेवाड्यानेही त्यावर दावा सांगितला होता.

काळा रंग कशामुळे?
एका जनुकीय बदलामुळे मेलॅनिन हे रंगद्रव्य फक्त पिसांत न राहता कातडी, मांस आणि हाडांवरच्या आवरणापर्यंत पोहोचतं. याला फायब्रोमेलॅनोसिस म्हणतात. इंडोनेशियाच्या अयाम सेमानी कोंबडीतही हाच बदल आढळतो.

मग ती दुर्मीळ का?
ही कोंबडी अंडी कमी देते आणि सहसा खुडूक बसत नाही. त्यामुळे अंडी दुसऱ्या कोंबडीखाली किंवा मशीनमध्ये उबवावी लागतात. त्यात इतर कोंबड्यांशी संकर होऊन शुद्ध वाण कमी होत गेलं.

घेताना काय बघाल?
संकरित पिल्लंही काळी दिसू शकतात, त्यामुळे नुसत्या रंगावर जाऊ नका. पिल्लं कुठल्या वाणाची आहेत, हे विचारा. २०१९ मध्ये कडकनाथपालनाच्या योजनेत पैसे गुंतवून पश्चिम महाराष्ट्रातले अनेक शेतकरी फसले होते. 'पिल्लं आमची, अंडीही आम्हीच घेऊ' असं कुणी म्हणालं, तर आधी बाजारातला खरा भाव तपासा.