जुन्या चित्रफितीचा पाठनिर्णय

गेल्या वर्षी दौंड येथे विद्यार्थ्यांसमवेत एक अनुबोधपट पाहण्याचा योग आला. त्यात ‘राजा हरिश्चंद्र’मधील काही दृश्ये घातलेली असून त्यांखाली ‘१९१३’ असा आकडा होता. हा आकडा कशावरून ठरविला, असे एका विद्यार्थिनीने विचारले. प्रश्न साधा खरा. परंतु त्याचा उलगडा पाठचिकित्सेवाचून होत नाही.

दादासाहेब फाळके यांचा मूळ पट ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमात प्रदर्शित झाला. तो चार रिळांचा, सुमारे ३,७०० फूट लांबीचा होता. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयातील उपलब्ध अंश १,४७५ फुटांचा आहे. ही त्या पटाची पहिली व चौथी रिळे होत, असे दीर्घकाळ मानले गेले. तथापि फाळके यांनी १९१७ मध्ये हेच कथानक पुन्हा चित्रित केले होते, आणि तो पट दोनच रिळांचा होता. उपलब्ध अंश या दुसऱ्या पटाचा होय, असे वीरचंद धरमसी यांचे प्रतिपादन आहे. चारांपैकी नेमकी आद्य व अंत्य रिळेच वाचावीत, यापेक्षा दोन रिळांचा पट बव्हंशी टिकावा, हे प्रस्तुत लेखकास अधिक संभवनीय वाटते.

येथे शीर्षकफलकांवर फारशी भिस्त ठेवता येत नाही. मूकपटातील फलक दृश्यांना धक्का न लावता काढता येतो व नवा जोडता येतो; पोथीची पुष्पिका पुढील लेखकाने बदलावी, तसाच हा प्रकार. शिवाय प्रत वापरात झिजते. शिरूरकडील यात्रांत तंबूतला सिनेमा ज्यांनी पाहिला आहे, त्यांना फीत तुटल्यावर होणारा गलका आठवत असेल. यंत्रचालक फाटका भाग कापून उरलेली टोके चिकटवी आणि खेळ पुढे चालू होई. त्या प्रतीतून काय गळले, याची नोंद कोण ठेवणार? भांडारकर संस्थेच्या महाभारत-संपादकांपुढे शेकडो हस्तलिखिते होती. चित्रपटाच्या संपादकाजवळ पुष्कळदा एकच खंडित प्रत असते.

अशा वेळी कर्त्याची स्वतःची टिपणे मोलाची ठरतात. १९६४ मध्ये स्थापन झालेल्या या संग्रहालयाचे शिल्पकार पी. के. नायर यांनी ‘कालिया मर्दन’ (१९१९) या पटाचे विस्कळित तुकडे फाळके यांच्या वहीतील नोंदींच्या आधारे जुळविले. अनुक्रम लावण्याचे हे काम संपादनाचेच होय.

पाठ ठरल्यावरही फीत नव्या चित्रपटात जशीच्या तशी घालता येत नाही. सेकंदाला सुमारे सोळा चौकटींच्या गतीने घेतलेले दृश्य बोलपटाच्या चोवीस चौकटींच्या गतीने दाखविल्यास राजा हरिश्चंद्र स्मशानात अक्षरशः धावू लागतो आणि प्रेक्षक हसतात. गतीचा हा दोष निदान डोळ्यांना दिसतो. तारखेचा दोष दिसत नाही. फाळके काम करताना दिसतात ती प्रसिद्ध दृश्ये ‘चित्रपट कसे तयार करतात’ या १९१७ च्या लघुपटातील आहेत. ती १९१३ च्या निर्मितीचे चित्रण म्हणून एका अनुबोधपटात घातली गेली, की पुढचा निर्माता तेथूनच उचलतो. दौंडच्या पटातही ती होती, आणि त्यांखाली आकडा तोच होता.