अनसीन युनिव्हर्सिटी

अनसीन युनिव्हर्सिटी (शब्दशः अर्थ : अदृश्य विद्यापीठ) हे इंग्लिश विनोदी कादंबरीकार टेरी प्रॅचेट (१९४८–२०१५) यांच्या 'डिस्कवर्ल्ड' या कादंबरीमालेतील जादूविद्येचे काल्पनिक विद्यापीठ आहे. या मालेतील जग थाळीसारखे सपाट असून ते चार हत्तींच्या पाठीवर आणि ते हत्ती एका महाकाय कासवाच्या पाठीवर उभे आहेत. भारतीय वाचकाला येथे कूर्म आणि दिग्गज आठवल्याशिवाय राहत नाहीत. या जगातील अंख-मॉर्पोर्क नामक गजबजलेल्या, अस्वच्छ महानगरात हे विद्यापीठ आहे. १९८३ साली प्रसिद्ध झालेल्या 'द कलर ऑफ मॅजिक' या पहिल्या कादंबरीपासून ४१ कादंबऱ्यांच्या या मालेत त्याचा उल्लेख वारंवार येतो.

नाव

सतराव्या शतकात रॉबर्ट बॉइल या शास्त्रज्ञाने आपल्या पत्रांतून 'अदृश्य महाविद्यालय' असा एका विद्वन्मंडळाचा उल्लेख केला होता. लंडनच्या रॉयल सोसायटीच्या पूर्वेतिहासात या मंडळाचे नाव घेतले जाते. विद्यापीठाच्या नावात त्याची नक्कल आहे. विद्यापीठाचे लॅटिन ब्रीदवाक्य भारदस्त वाटते; अर्थ लावला तर मात्र ते रस्त्यावरच्या गारुड्याची नेहमीची बतावणी निघते.

वास्तू आणि कारभार

आवारात आठशे फूट उंचीचा व ८,८८८ पायऱ्यांचा एक प्राचीन मनोरा आहे. आठ हा या जगातील जादूचा अंक आहे. जादूचा रंग आठवा मानला जातो, आणि आठव्या मुलाचा आठवा मुलगा जन्मतः जादूगार असतो. विद्यापीठाची मोठी घंटा आवाजाऐवजी शांततेचे टोले देते.

विद्यापीठाचा संस्थापक अल्बर्टो मालिक याने अमरत्व मिळावे म्हणून मृत्यूला बोलावण्याचा विधी उलटा करून पाहिला. परिणामी तो मृत्यूच्याच घरी चाकरीला लागला. ही हकीकत 'मॉर्ट' (१९८७) मध्ये आहे. प्रारंभीच्या कादंबऱ्यांत बढतीचा मार्ग एकच होता : वरच्याचा काटा काढणे. 'मूव्हिंग पिक्चर्स' (१९९०) मध्ये मुस्ट्रम रिडकली हा शिकारीचा षौकीन, मोठ्या आवाजाचा गृहस्थ कुलगुरू झाला आणि ही प्रथा थांबली, कारण त्याला मारणे कोणालाच जमेना. पुढे प्राध्यापकवर्ग जेवणात आणि डुलक्यांत रमलेला दिसतो. अध्यापन नावापुरतेच चालते. शिक्षकही येत नाहीत आणि विद्यार्थीही येत नाहीत, यावर उभयपक्षी समाधान असते. ज्याने आयुष्यभर शाळेचे वेळापत्रक सांभाळले आहे, त्याला यात अतिशयोक्ती किती हे वेगळे सांगावे लागत नाही.

या आळसामागे एक गंभीर विचार आहे. 'सोर्सरी' (१९८८) मध्ये अमर्याद शक्तीचा एक मुलगा विद्यापीठात येतो. तोवर सुस्त असलेले जादूगार त्याच्या प्रभावाखाली बलवान होतात आणि एकमेकांशी विध्वंसक युद्ध आरंभतात. जादूगारांना सुग्रास जेवण आणि मऊ खुर्ची देऊन गुंतवून ठेवणे हेच या विद्यापीठाचे जगावरील मोठे उपकार आहेत, असे त्यावरून ध्यानात येते.

ग्रंथालय

मालेतील सर्वांत लोकप्रिय कल्पना ग्रंथालयाची आहे. येथील कित्येक ग्रंथ साखळदंडांनी बांधलेले आहेत. युरोपातील मध्ययुगीन ग्रंथालयांत पुस्तके चोरीच्या भीतीने साखळीने बांधत असत. येथे ती वाचकाचे रक्षण व्हावे म्हणून बांधलेली आहेत.

प्रॅचेटचे तर्कट असे : ज्ञान म्हणजे शक्ती, शक्ती म्हणजे ऊर्जा, ऊर्जा म्हणजे वस्तुमान, आणि वस्तुमानाने अवकाश वाकतो. म्हणून पुष्कळ पुस्तके एकत्र आली की तेथील अवकाश वाकतो आणि जगातील सर्व ग्रंथालये, कोणत्याही काळातील असोत, आतून एकमेकांना जोडली जातात. या अवकाशाला कादंबऱ्यांत 'एल-स्पेस' म्हटले आहे. लिहिली गेलेली, पुढे लिहिली जाणारी आणि लिहायची राहून गेलेली पुस्तकेही तेथे असतात. 'गार्ड्स! गार्ड्स!' (१९८९) मध्ये ग्रंथपाल याच वाटेने भूतकाळात जाऊन एका चोरीला गेलेल्या ग्रंथाचा माग काढतो. या वाटेने जाणाऱ्या ग्रंथपालांना तीन नियम पाळावे लागतात : शांतता राखणे, पुस्तक मुदतीत परत करणे आणि कार्यकारणभावात ढवळाढवळ न करणे. पहिले दोन आपल्याकडील कोणत्याही सार्वजनिक वाचनालयाच्या फलकावर आढळतात.

हा ग्रंथपाल ओरँगउटान आहे. 'द लाइट फँटास्टिक' (१९८६) मध्ये जादूच्या एका स्फोटात त्याचे रूपांतर झाले. लांब हात आणि पकड असलेले पाय उंच फडताळांसाठी सोयीचे असल्याने त्याने पुन्हा माणूस होण्यास नकार दिला. त्याचे सर्व बोलणे 'ऊक' या एका उच्चारात सामावते आणि सहकाऱ्यांना ते नीट समजते. त्याला कोणी माकड म्हटले तर तो हिंसक होतो. हा विनोद मराठीत आणताना अडचण येते. नुसते 'वानर' म्हटले तर आपल्या डोळ्यांसमोर काळ्या तोंडाचे, लांब शेपटीचे वानर येते. शेपूट नसलेल्या या प्राण्यांसाठी शास्त्रीय लेखनातील 'कपी' हाच शब्द जवळचा आहे.

'सोर्सरी'मध्ये ग्रंथालयाला आग लावली जाते, तेव्हा सर्व ग्रंथ आधीच मनोऱ्यात हलवून तो वाचवतो. नालंदा किंवा ५ जानेवारी २००४ रोजी पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन संस्थेत झालेली नासधूस माहीत असलेल्या वाचकाला हा प्रसंग केवळ विनोदी वाटत नाही.

स्त्रियांचा प्रवेश

'इक्वल राइट्स' (१९८७) ही कादंबरी या प्रश्नावरच आहे. मरणोन्मुख जादूगार आपला दंड आठव्या मुलाच्या आठव्या अपत्याला देतो. पण ते अपत्य मुलगी असते. एस्करिना नावाच्या या मुलीला विद्यापीठ दाराशीच अडवते. झाडलोट करणारी म्हणून ती आत शिरते आणि अखेरीस तिला प्रवेश मिळतो. मात्र पुढील कादंबऱ्यांत विद्यापीठ पुन्हा पुरुषांचेच दिसते, आणि एस्करिना थेट 'आय शॅल वेअर मिडनाइट' (२०१०) मध्ये परत येते. या दीर्घ विस्मरणाचे पुरेसे स्पष्टीकरण मालेत मिळत नाही. तो लेखनातील उणेपणाच मानावा लागेल.

वास्तवाशी संबंध

उर्सुला ले ग्विन यांच्या 'अ विझर्ड ऑफ अर्थसी' (१९६८) मधील रोक बेटावरची जादूची शाळा याआधीची, तर हॅरी पॉटरचे हॉगवर्ट्‌स (१९९७) नंतरचे आहे. त्या दोन्ही ठिकाणी विद्यार्थी केंद्रस्थानी असतो. येथे प्राध्यापक असतात.

प्रॅचेट यांचे विद्यापीठीय शिक्षण झाले नव्हते. आपण घडलो ते बीकन्सफील्डच्या सार्वजनिक वाचनालयात, असे ते सांगत. १९९९ मध्ये वॉरिक विद्यापीठाने त्यांना सन्माननीय डॉक्टरेट दिली. त्याच वेळी प्रॅचेट यांनी 'द सायन्स ऑफ डिस्कवर्ल्ड' या ग्रंथाचे सहलेखक इयन स्ट्यूअर्ट आणि जॅक कोहेन या वॉरिकच्या दोन शास्त्रज्ञांना अनसीन युनिव्हर्सिटीची मानद पदवी प्रदान केली.